रेशन कार्डाचे नियम: आमच्या कार्डधारकांसाठी

नमस्कार.

सोलापुरातल्या आमच्या रास्त भाव दुकानात येणाऱ्या घरांतून कुणी विड्या वळतं, कुणी यंत्रमागावर असतं, कुणी एमआयडीसीत. या घरांना महिन्याचं धान्य वेळेवर आणि पूर्ण मिळालंच पाहिजे, असं आम्हाला मनापासून वाटतं. बहुतेक वेळा अडतं ते माहितीअभावी, म्हणून हे पत्रक काढलं आहे. तेलुगू किंवा कन्नडमधून समजून घ्यायचं असेल तर दुकानात या, बसून सांगू.

आधी हक्काचं. कार्डाच्या रंगावरून धान्य ठरत नाही. पिवळ्या कार्डात अंत्योदयही (सगळ्यात गरीब घरं) असतात आणि प्राधान्य कुटुंबही (माणशी धान्य मिळणारी इतर गरजू घरं); केशरी कार्डावरही प्राधान्य कुटुंबाचा शिक्का असू शकतो. तेव्हा शिक्का बघा. अंत्योदय कार्डाला घरात माणसं कितीही असोत, महिन्याला 35 किलो धान्य. प्राधान्य कुटुंबाला माणशी 5 किलो, म्हणजे चार नावं असतील तर 20 किलो. त्यात गहू किती आणि तांदूळ किती हे सरकार ठरवतं, आणि ते प्रमाण मधूनमधून बदलतं. एकूण किलो मात्र तेवढेच राहतात.

हे धान्य जानेवारी 2023 पासून मोफत आहे. पूर्वी गहू 2 रुपये आणि तांदूळ 3 रुपये किलो होता. आता तेही द्यायचे नाहीत. हमाली, पिशवी, पावती असं काहीही सांगून कुणी पैसे मागितले, अगदी आमच्या दुकानातल्या माणसाने मागितले तरी, देऊ नका. अंत्योदयच्या साखरेचे पैसे तेवढे वेगळे असतात.

अंगठा लागत नाही, ही आपल्या शहराच्या पूर्व भागातली सगळ्यात मोठी अडचण. वर्षानुवर्षं पानं कापून, तंबाखू भरून बोटांच्या टोकावरच्या रेषा पुसट होतात. मशीनवर लाल दिवा लागला की बायका खजील होऊन परत जायला निघतात. तसं जाऊ नका. हात साबणाने धुवून कोरडे करा आणि एकेक करून दहाही बोटं लावून बघा. अंगठ्यापेक्षा करंगळी किंवा अनामिका पटकन लागते, असा आमचा अनुभव आहे. घरातल्या कार्डावरच्या दुसऱ्या कुणाचाही अंगठा चालतो. मशीनला बुबुळाचा स्कॅनर असेल तर डोळ्यावरून ओळख पटते. तरीही जमलं नाही तर आधार केंद्रावर जाऊन बोटांचे ठसे आणि मोबाइल नंबर नव्याने नोंदवून घ्या. अंगठा लागत नाही एवढ्या कारणावरून कार्डधारकाला उपाशी ठेवायचं नाही, हे आमच्या दुकानाचं धोरण आहे, मार्ग काढू.

ई-केवायसी, म्हणजे आधारवरून ओळखीची पडताळणी, ही वेगळी गोष्ट. महिन्याला धान्य नेताना घरातल्या एकाने अंगठा दिला म्हणजे सगळ्यांची ई-केवायसी झाली, असं नाही. कार्डावरच्या प्रत्येकाची स्वतंत्र करावी लागते आणि ज्याची राहील त्याच्या वाट्याचे 5 किलो थांबू शकतात. दुकानातल्या मशीनवर ती फुकट होते. मुलाचं पाच वर्षांनंतर आधारवर बोटांचे ठसे घेणं राहिलं असेल तर ते आधी करा.

घरात लग्न झालं, बाळ जन्मलं, कुणी वारलं, की कार्डात बदल करायलाच हवा. सुनेचं नाव आधी माहेरच्या कार्डातून कमी करून तो दाखला आणावा लागतो. दोन्हीकडे नाव राहिलं तर अडकतं. वारलेल्या माणसाचं नाव ठेवून धान्य उचलणं हा नियमभंग आहे. शहरातल्यांनी हे काम रेशनच्या परिमंडळ कार्यालयात करावं, खेड्यातल्यांनी तहसीलच्या पुरवठा शाखेत.

कामासाठी पुण्याला किंवा भिवंडीला असाल तर कार्ड बदलायची गरज नाही. 'एक देश एक रेशन कार्ड' योजनेत देशातल्या कुठल्याही रास्त भाव दुकानात बारा अंकी कार्ड क्रमांक किंवा आधार क्रमांक सांगून धान्य घेता येतं. थोडं तिकडे, उरलेलं इथे घरच्यांनी घेतलं तरी चालतं. मात्र त्या महिन्याचं धान्य त्याच महिन्यात उचला; सरकारने मुदत वाढवली तरच पुढे मिळतं.

आता रोख पैशाबद्दल. "धाराशिवच्या पाहुण्यांना रेशनचे पैसे खात्यात येतात, आम्हाला का नाही?" असं बरेच जण विचारतात. ती योजना मराठवाडा आणि विदर्भातल्या 14 जिल्ह्यांतल्या केशरी कार्डाच्या शेतकऱ्यांसाठी आहे. धाराशिव आणि लातूर त्यात आहेत, सोलापूर नाही. आपल्याकडे संजय गांधी निराधार, श्रावणबाळ किंवा लाडकी बहीण योजनेचे पैसे येतात ते थेट बँकेत. रेशन दुकानाचा त्याच्याशी संबंध नाही. पैसे 'गायब' झाले असं वाटलं तर आधी हे तपासा: एकाहून जास्त बँकांत खाती असतील तर आधार शेवटी ज्या खात्याला जोडलं त्यातच पैसे पडतात. पुष्कळदा रक्कम एखाद्या विसरलेल्या खात्यात पडून असते.

धान्याऐवजी रोख मागू नका. आम्हाला देता येत नाही. दारात येऊन रेशनचा तांदूळ विकत घेणाऱ्यालाही देऊ नका. अत्यावश्यक वस्तू कायदा, 1955 खाली हा काळाबाजार ठरतो, आणि ताटातला तांदूळ जातो तो वेगळाच. फोनवर कुणी "कार्ड बंद होणार आहे, ओटीपी सांगा" म्हणालं तर फोन ठेवून द्या.

दर वेळी मशीनमधून निघणारी पावती घ्या आणि वजनकाट्यासमोर उभं राहून तिच्यावरचे किलो ताडून बघा. फरक दिसला तर तिथेच बोला. आमच्याकडून दाद मिळाली नाही तर 1967 या मोफत क्रमांकावर तक्रार करा. त्यासाठी कार्ड क्रमांक आणि पावती हाताशी ठेवा.