आरटीओत अर्ज लटकलाय? अपील कधी, रिट कधी

परमिटच्या नूतनीकरणाचा अर्ज दिला, फी भरली, महिने उलटले, खिडकीवर उत्तर एकच, "फाइल साहेबांच्या टेबलावर आहे." अर्ज नाकारला असता तर मोटार वाहन अधिनियम, 1988 च्या कलम 89 प्रमाणे राज्य परिवहन अपील न्यायाधिकरणात जाता आलं असतं. पण अपील होतं ते आदेशाविरुद्ध. आदेशच नाही, तर अपील कशावर करणार?

अशा वेळी संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका, म्हणजे सरकारी कार्यालयाला आदेश द्या अशी थेट मागणी, करता येते. ज्याचा स्वतःचा अर्ज प्रलंबित आहे असा कुणीही, वाहनमालक असो वा संस्था, ती करू शकतो. जिल्ह्याप्रमाणे मुंबई, नागपूर, छत्रपती संभाजीनगर किंवा कोल्हापूर इथे ती दाखल होते. न्यायालय परमिट हातात देईल अशी आशा मात्र धरू नका. "इतक्या आठवड्यांत अर्जावर निर्णय घ्या," एवढाच आदेश सहसा मिळतो. तोही थोडका नाही: निर्णय विरोधात गेला तरी लेखी आदेश हाती येतो आणि कलम 89 ची वाट मोकळी होते.

याचिकेआधी लेखी निवेदन द्याच. मागणी करूनही कार्यालय हललं नाही, हे न्यायालयाला दिसावं लागतं. आवक-जावक टेबलावर स्थळप्रतीवर, म्हणजे तुमच्याकडे राहणाऱ्या प्रतीवर, शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. तोंडी आश्वासनांची किंमत शून्य. फाइल नेमकी कुठे अडली, हे माहिती अधिकारात 10 रुपयांत विचारता येतं. उत्तराची मुदत 30 दिवस.

तुमची सेवा महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम, 2015 खाली अधिसूचित, म्हणजे मुदतीसह जाहीर केलेली, असेल, तर ठरलेली मुदत संपल्यापासून 30 दिवसांत तिथलं प्रथम अपील आधी करा. नाहीतर पर्यायी उपाय वापरलाच नाही, असा आक्षेप सरकारी वकील हमखास घेतात. या कायद्यात दोषी अधिकाऱ्याला 500 ते 5000 रुपये दंड आहे.

गाडी दुसऱ्या राज्यात नेण्यासाठी लागणाऱ्या ना-हरकत प्रमाणपत्राचं गणित वेगळं. मोटार वाहन अधिनियमाच्या कलम 48 प्रमाणे 30 दिवसांत नकार कळवला नाही, तर ते दिलं असंच मानलं जातं. हे कलम फार कमी जणांना ठाऊक असतं. निवेदनात त्याचा स्पष्ट उल्लेख करा.

दरम्यान गाडी विनापरमिट रस्त्यावर आणू नका. नूतनीकरणाचा अर्ज मुदत संपण्याच्या किमान 15 दिवस आधी करायचा असतो. तो प्रलंबित असताना कलम 87 खाली जास्तीत जास्त 4 महिन्यांचं तात्पुरतं परमिट मागता येतं.

याचिकेला अर्जाची प्रत, फीची पावती, आरसी, जुनं परमिट, विमा, फिटनेस, कर भरल्याचा पुरावा, शिक्का असलेलं निवेदन, माहिती अधिकारातलं उत्तर, प्रतिज्ञापत्र आणि वकीलपत्र लागतं. मराठी कागदांची इंग्रजी भाषांतरं करून ठेवा. रिटला ठरावीक मुदत नाही, पण तुम्हीच वर्षानुवर्षं गप्प बसलात तर न्यायालय तेही विचारतं. महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि दिव्यांग अर्जदारांना विधी सेवा समितीकडून मोफत वकील मिळू शकतो. त्यांना उत्पन्नाची अट नाही.