यक्ष

यक्ष : देव आणि मानव यांच्या मधल्या पायरीवर मानलेल्या एका वर्गाचे नाव. स्त्रीलिंगी रूपे यक्षी, यक्षिणी. पालीत यक्ख, प्राकृतात जक्ख, मराठीत जाख, जखीण. अमरकोशात विद्याधर, अप्सरा, यक्ष, राक्षस, गंधर्व, किन्नर, पिशाच, गुह्यक, सिद्ध व भूत या दहांना मिळून ‘देवयोनी’ म्हटले आहे. उपदेव, अर्धदेव हे त्याचे आजचे पर्याय. कुबेराचे अनुचर, धनाचे राखणदार, वाटेल ते रूप घेणारे ही यक्षांची पुराणांतली ओळख सर्वांच्या परिचयाची आहे. शब्दाचा मूळ अर्थ मात्र या ओळखीपासून फार दूरचा असून अभ्यासकांत खरा वाद त्याच्याबद्दलच आहे.

व्युत्पत्ती : वाल्मीकिरामायणाच्या उत्तरकांडात अशी कथा येते, की ब्रह्मदेवाने पाणी निर्माण करून ते राखण्यासाठी प्राणी उत्पन्न केले. त्यांतले काही ‘रक्षामः’ म्हणाले ते राक्षस झाले, काही ‘यक्षामः’ म्हणाले ते यक्ष झाले. इथे ‘यक्ष्’ म्हणजे पूजणे असा अर्थ टीकाकार घेतात. विष्णुपुराण हाच प्रसंग निराळ्या तऱ्हेने सांगते. तिथे भुकेले जीव ब्रह्मदेवालाच खायला धावतात आणि ‘जक्षण’ म्हणजे खाणे या क्रियेवरून त्यांना यक्ष हे नाव पडते. एकाच शब्दातून एका ग्रंथाने पूजा काढली, दुसऱ्याने भक्षण. दोन्ही निरुक्ती मागाहून जुळवलेल्या दिसतात, पण त्या जुळवण्याची गरज भासली यावरूनच मूळ अर्थ तोवर विसरला गेला होता असे म्हणता येते. आधुनिक भाषाशास्त्रज्ञांपैकी काहींनी ‘यज्’ (पूजणे, यजन करणे) या धातूशी शब्दाचा संबंध लावला. काहींनी वेगाने जाणे, एकाएकी पुढे येणे अशा अर्थाचा एक लुप्त धातू कल्पिला. वेदांतले प्रयोग पाहता दुसऱ्या कल्पनेकडे झुकावेसे वाटते, कारण तिथे यक्ष ही पूजेची वस्तू असण्याआधी अवचित दिसणारी वस्तू आहे.

वैदिक प्रयोग : ऋग्वेदात आणि अथर्ववेदात हा शब्द बहुधा नपुंसकलिंगी आहे; तो यक्ष नव्हे, ते यक्ष. ऋग्वेदात (७.६१.५) ‘न यासु चित्रं ददृशे न यक्षम्’ असे आले आहे. चित्र म्हणजे विलक्षण, लक्ष वेधून घेणारे. त्याच्या जोडीला बसलेले यक्षही त्याच जातीचे, म्हणजे अद्भुत, गूढ, थोडे भीतिदायक असे काही असावे. वेदांचे भाष्यकार सायणाचार्य अशा स्थळी ‘पूज्य’ वा ‘पूजा’ या अर्थाकडे वळतात. पाश्चात्त्य अभ्यासकांनी जादू, भास, आश्चर्य असे निरनिराळे अर्थ सुचवले आहेत. अथर्ववेदात शब्दाची उंची एकदम वाढते. ‘महद्यक्षं भुवनस्य मध्ये तपसि क्रान्तं सलिलस्य पृष्ठे’ (१०.७.३८), म्हणजे विश्वाच्या मध्यभागी, पाण्याच्या पाठीवर, तपात मग्न असलेले ते थोर यक्ष, आणि झाडाच्या खोडाभोवती फांद्या असाव्यात तसे सगळे देव त्याच्या आश्रयाला आहेत. याच वेदातल्या रुद्रसूक्तातही पाण्याच्या आत असलेल्या यक्षाचा उल्लेख येतो (११.२.२४). पाणी आणि झाड ही दोन्ही पुढे यक्षांची ठरावीक वसतिस्थाने झाली हे इथे ध्यानात घ्यावे.

केनोपनिषदातली आख्यायिका हा या अर्थाचा सर्वांत स्पष्ट पुरावा होय. ब्रह्माने मिळवलेला विजय देव आपला समजून मिरवू लागतात, तेव्हा ते ब्रह्म त्यांच्यापुढे प्रकट होते. देवांना ओळख पटत नाही. ‘किमिदं यक्षम्’, हे यक्ष आहे तरी काय, असे ते एकमेकांत म्हणतात. अग्नी पुढे होतो. यक्ष त्याच्यापुढे गवताची एक काडी ठेवते आणि म्हणते, हे जाळ. सगळा वेग एकवटूनही अग्नीला ती काडी जळत नाही. वायूला ती उडवता येत नाही. इंद्र जवळ जातो तोच यक्ष दिसेनासे होते आणि त्याच आकाशात उमा हैमवती उभी असते. ते ब्रह्म होते, हे ती सांगते. शंकराचार्यांनी इथे यक्ष शब्दाचा अर्थ ‘पूज्य महद्भूत’ असा दिला आहे. बृहदारण्यकोपनिषदही सत्यब्रह्माला ‘महद्यक्षं प्रथमजम्’ म्हणते. परब्रह्मासाठी वापरलेला हाच शब्द काही शतकांनी कुबेराच्या नोकरांना लागतो, ही घसरण भारतीय धर्मेतिहासातल्या मोठ्या अर्थांतरांपैकी एक आहे.

ती कशी घडली याबद्दल एकमत नाही. कलेतिहासकार आनंद कुमारस्वामी यांनी १९२८ आणि १९३१ साली प्रसिद्ध केलेल्या दोन भागांच्या अभ्यासात असे मत मांडले, की यक्ष ही यज्ञसंस्थेबाहेरच्या लोकांची वृक्षाची, पाण्याची, सुफलतेची दैवते होती. मूर्ती, फुले, धूप, नैवेद्य या पूजापद्धतीचे मूळ त्यांच्याच उपासनेत आहे. या मताचा उत्तरार्ध आज बराचसा मान्य आहे. पूर्वार्ध जपून घ्यावा लागतो, कारण वैदिक वाङ्मयातच शब्द इतक्या उच्च अर्थाने वावरतो की तो निव्वळ बाहेरून आला असे म्हणणे कठीण जाते. लोकांची दैवते आधीपासून होतीच आणि वैदिकांनी आपल्याजवळचा ‘गूढ सत्त्व’ या अर्थाचा शब्द त्यांना लावला, ही उपपत्ती अधिक संभाव्य वाटते. भगवद्गीतेच्या काळापर्यंत श्रेणी ठरून गेलेली दिसते : सात्त्विक देवांना भजतात, राजस यक्षराक्षसांना, तामस भूतप्रेतांना (१७.४).

बौद्ध व जैन परंपरा : पाली वाङ्मयात यक्ख शब्दाचा पल्ला मोठा आहे. आळवकासारखा नरभक्षक यक्खच असतो आणि क्वचित शक्र (इंद्र) किंवा प्रत्यक्ष बुद्धालाही आदराने यक्ख म्हटले जाते. जैन आगमांत पूर्णभद्र, माणिभद्र यांच्या चैत्यांची वर्णने आहेत, तर देवांच्या वर्गवारीत यक्षांना व्यंतर या खालच्या दर्जाच्या देवांत जागा मिळाली आहे. पुढे प्रत्येक तीर्थंकराला शासनदेवता, म्हणजे धर्मशासनाची राखणदार देवता, म्हणून एक यक्ष व एक यक्षी जोडली गेली. ऋषभनाथांची चक्रेश्वरी, नेमिनाथांची अंबिका आणि पार्श्वनाथांची पद्मावती यांची उपासना आजही जागती आहे. वेरूळच्या बत्तिसाव्या लेण्याला ‘इंद्रसभा’ नाव पडले ते तिथल्या गजारूढ यक्षाला इंद्र समजण्याच्या चुकीमुळे. नाव मात्र कायम झाले.

मूर्ती : भारतातल्या सर्वांत जुन्या मोठ्या दगडी मूर्तींत यक्षमूर्तींची गणना होते. मथुरेजवळ परखम येथे सापडलेली, अडीच मीटरांहून उंच, पुढे आलेल्या पोटाची मूर्ती यांतली सर्वांत प्रसिद्ध. तिच्या बैठकीवरील लेखातले ‘कुणिक’ हे नाव पाहून इतिहासकार काशीप्रसाद जायसवाल यांनी ती मगधराज अजातशत्रूची प्रतिमा ठरवली होती. पाटण्याच्या दोन मूर्तीही त्यांनी शैशुनाग राजांच्या मानल्या. हा वाद बरीच वर्षे चालला. लेखात माणिभद्राचे नाव असून कुणिक हा मूर्तिकार गोमितकाचा गुरू होय, हे वाचन आता बहुतेकांनी स्वीकारले आहे. काळ सामान्यतः इ.स.पू. दुसरे ते पहिले शतक धरतात. पाटण्यालाच दीदारगंज येथे १९१७ मध्ये मिळालेल्या चवरीधारी यक्षीचा काळ अजून वादात आहे. आरशासारख्या झिलईमुळे ती मौर्यकालीन मानली गेली, पण अंगाची घडण आणि अलंकार पाहून अनेकजण तिला इ.स.च्या पहिल्या-दुसऱ्या शतकापर्यंत खाली आणतात. झिलई हा एकटा पुरावा पुरेसा नाही, हे दुसऱ्या पक्षाचे म्हणणे सबळ वाटते. मध्य प्रदेशातल्या भारहूत स्तूपाच्या कठड्यावर ‘कुपिरो यखो’, ‘सुचिलोमो यखो’, ‘चदा यखि’ अशी नावेच कोरली असल्याने ओळखीचा प्रश्न उरत नाही.

महाराष्ट्रात पितळखोरे येथील लेण्यांसमोरचा ढिगारा साफ करताना मिळालेला ठेंगणा यक्ष विशेष महत्त्वाचा आहे. दोन्ही हात वर करून त्याने डोक्यावर पसरट भांडे तोलले आहे, आणि एवढा भार असूनही चेहऱ्यावर गालभर हसू आहे. त्याच्या हाताच्या मागच्या बाजूस ब्राह्मी लिपीत ‘कन्हदासेन हिरंणकारेन कता’ असा लेख आहे : कन्हदास नावाच्या सोनाराने केली. सोन्यावर काम करणाऱ्या हातांनी दगड घडवला म्हणूनच की काय, त्याचे दागिने इतके नेटके उतरले आहेत. अजिंठ्याच्या दुसऱ्या लेण्यात हारिती व पांचिक या यक्षदांपत्यासाठी स्वतंत्र गाभारा आहे. पूर्वी मुले पळवून खाणारी हारिती बुद्धाच्या उपदेशाने मुलांची रक्षक झाली, अशी कथा. तिच्या बैठकीच्या पट्टीवर शाळा कोरली आहे : एका बाजूला पंतोजी, पुढची मुले अभ्यासात आणि मागची खेळात दंग. लेण्यात जाणाऱ्याने दिव्याच्या उजेडात ही पट्टी जरूर पाहावी. बहुतेकांची नजर वरच्या मूर्तींवरच थांबते.

साहित्यात : यक्ष हा नायक झाला तो कालिदासाच्या मेघदूतात. कामात चुकलेला, वर्षभरासाठी अलकेतून हद्दपार झालेला हा यक्ष रामगिरीवर राहतो. रामगिरी म्हणजे चित्रकूट असे टीकाकार मल्लिनाथ म्हणतो, काहींनी छत्तीसगडमधला रामगढ सुचवला, वा. वि. मिराशी यांनी नागपूरजवळच्या रामटेकचा पक्ष मांडला. वाकाटकांचा तिथला वावर आणि काव्यातल्या वाटेची दिशा पाहता मिराशींचे मत अधिक पटते. लक्षात घेण्याजोगे असे, की या यक्षाजवळ दैवी शक्ती काही उरलेली नाही. शापाने त्याचा महिमा अस्तंगत झाला आहे, आणि त्यामुळेच त्याला ढगाकडे विनवणी करावी लागते.

मराठीत : लक्ष – लक्ख – लाख, पक्ष – पक्ख – पाख, त्याच वाटेने यक्ष – जक्ख – जाख. आईवाचक प्रत्यय लागून जाखाई झाली. जाखाई, जाखमाता या नावांची ग्रामदैवते कोकणात आणि घाटावर आढळतात; कराडजवळच्या जखिणवाडीच्या नावातही हाच शब्द आहे आणि गावालगतच्या आगाशिवाच्या डोंगरात बौद्ध लेणी आहेत, मात्र दोहोंचा संबंध केवळ शेजारावरून जोडू नये. ‘नव्हे जाखाई जोखाई । मायराणी मेसाबाई’ असे म्हणत तुकोबांनी आपला पंढरीराव या दैवतांहून वेगळा काढला, त्यावरून सतराव्या शतकात त्यांची उपासना किती फैलावली होती याचा अंदाज येतो. यातले जोखाई हे रूप बहुधा नादाने जुळून आले असावे. यक्षिणीपासून आलेली जखीण मात्र भुताखेतांत गेली : काही इच्छा मागे ठेवून मेलेल्या सवाष्णीचे भूत, अशी तिची सर्वसाधारण समजूत आहे. देवयोनींपैकी अप्सरांच्या मराठीत साती आसरा झाल्या आणि त्या पाणवठ्यावर पुजल्या जातात. गंधर्व थोर गायकाचा किताब ठरला. या तिघांत नशीब फिरले ते यक्षिणीचेच.

इतर प्रदेशांत शब्दाने निरनिराळ्या वाटा धरल्या. कच्छमध्ये बहात्तर जाखांचे स्थान असून ते समुद्रमार्गे आलेले घोडेस्वार होते अशी तिथली श्रद्धा आहे. गढवालात जाख देवता आहे. केरळातली यक्षी रात्रीच्या वाटसरूला भुलवणारी, तर सिंहलीत ‘यका’ म्हणजे रोग आणणारे भूत. कर्नाटकातल्या यक्षगान या नाट्यप्रकाराच्या नावाबद्दल मतभेद आहेत. यक्षांचे गाणे हा अर्थ सरळ असला, तरी आंध्रातल्या जक्कुलु या कलावंत जमातीशीही ते जोडले जाते. विष्णुदास भावे यांनी १८४३ मध्ये सांगलीत केलेल्या पहिल्या मराठी नाट्यप्रयोगामागे कानडी भागवत मंडळींच्या खेळाची प्रेरणा होती, ती याच परंपरेतली.

सामासिक शब्द : यक्षराज म्हणजे कुबेर; यक्षतरू म्हणजे वड; यक्षधूप म्हणजे राळ; यक्षकर्दम म्हणजे कापूर, अगरू, कस्तुरी आणि कंकोळ यांची उटी. कामसूत्रात सणांच्या यादीत यक्षरात्री आली आहे. टीकाकार तिला सुखरात्री म्हणतो आणि त्या रात्री लोक द्यूत खेळतात असे सांगतो, त्यावरून ती दिवाळीची पूर्वावस्था मानली जाते. ‘यक्षप्रश्न’ हा महाभारताच्या वनपर्वातून आलेला शब्द आज वर्तमानपत्री मराठीत न सुटणाऱ्या प्रश्नासाठी वापरतात. मुळात तळ्याकाठच्या यक्षाने विचारलेल्या प्रत्येक प्रश्नाचे उत्तर युधिष्ठिराने दिले होते. चार भाऊ मरून पडले ते उत्तर न आल्याने नव्हे, प्रश्न ऐकून न घेता पाणी प्याल्याने.