गवत कापणी यंत्रांचा आवाज: 2006 ची अडलेली पायरी

यंत्राचा आवाज शेजाऱ्याने सोसायचा नाही, बनवणाऱ्याने कमी करायचा, हा विचार कायद्यात ठळकपणे आला तो 1970 च्या दशकात. अमेरिकेत 1972 मध्ये कायदा झाला, 1976 मध्ये हलवता येणाऱ्या एअर कॉम्प्रेसरच्या आवाजावर मर्यादा आली आणि 1980 च्या दशकाच्या सुरुवातीला अंमलबजावणीचा पैसाच बंद झाला. युरोपात कॉम्प्रेसर, टॉवर क्रेन, जनरेटर असे एकेका यंत्राचे नियम होते. 2000 मध्ये ते युरोपीय संघाच्या एका निर्देशाखाली, म्हणजे सदस्य देशांना बांधणाऱ्या कायद्याखाली, आले. यंत्रांचे 57 प्रकार, सर्वांवर हमीच्या ध्वनिशक्तीचा (यंत्र याहून जास्त आवाज करणार नाही, अशी उत्पादकाची हमी) आकडा छापणे सक्तीचे, पण कमाल मर्यादा फक्त 22 प्रकारांना.

मर्यादा दोन टप्प्यांत लागू व्हायच्या होत्या: 2002 आणि 3 जानेवारी 2006. 50 सेंटिमीटरपर्यंत रुंदीत कापणाऱ्या गवत कापणी यंत्राला आधी 96 डेसिबल, मग 94. दोनच डेसिबल, पण ध्वनिशक्ती जवळजवळ 37 टक्क्यांनी कमी. आणि 14 डिसेंबर 2005 ला, मुदतीला तीन आठवडेही उरले नसताना, हे यंत्र, कंपन करणारे रोलर, साखळीवरचे डोझर आणि आणखी काहींचे दुसऱ्या टप्प्याचे आकडे ‘सूचक’ ठरवले गेले. म्हणजे नवी दुरुस्ती होईपर्यंत जुनीच मर्यादा. कारण तांत्रिक अडचणीचे दिले गेले आणि ते अगदीच खोटे नव्हते. इंजिनाला कितीही चांगला सायलेन्सर लावा, फिरते पाते हवा कापताना आवाज करतेच. त्याचा वेग उतरवला तर कापणी बिघडते. तरी मुदत पाच वर्षांहून आधी ठरलेली होती. अडचण शेवटच्या महिन्यात कायद्यात उतरावी, यात सोय कोणाची झाली हे उघड आहे. 2024 मध्ये मोजणीच्या पद्धतीही अद्ययावत झाल्या. 96 मात्र हलला नाही.

पालापाचोळा उडवणाऱ्या ब्लोअरला तर 2000 मध्येच मर्यादेतून वगळले होते, नुसते लेबल पुरे. त्याचा खालच्या पट्टीतला घोंगाट भिंती ओलांडून दूर जातो आणि ‘ए’ भारांकनात (कानाच्या संवेदनशीलतेनुसार खालच्या पट्टीला कमी वजन देणाऱ्या मोजणीत) तो कमी मोजला जातो, त्यामुळे लेबलवरचा आकडा या बाबतीत फारसे सांगत नाही. म्हणून काही शहरांनी डेसिबलचा नाद सोडून यंत्राचा प्रकारच बंद केला. वॉशिंग्टन शहरात 2022 पासून पेट्रोलचे ब्लोअर वापरता येत नाहीत. कॅलिफोर्नियाने 2024 पासून नव्या छोट्या इंजिनांवर आणलेले निर्बंध हवेच्या प्रदूषणासाठी आहेत. आवाज त्यात आपसूक कमी होतो.