पाझरणे

पाझरणे : (अकर्मक क्रियापद) दगड, माती, भिंत किंवा मडके यांच्या अंगातून पाणी सावकाश बाहेर येणे. झिरपणे, गळणे, ठिबकणे ही याच्या शेजारची क्रियापदे. पण त्यांची सरसकट अदलाबदल होत नाही. पावसाचे पाणी जमिनीत झिरपते आणि पुढे कुठेतरी पाझरते. गळायला भोक लागते, पाझरायला लागत नाही. म्हणून छप्पर गळते आणि भिंत पाझरते.

व्युत्पत्ती : १२व्या शतकातील हेमचंद्राच्या प्राकृत व्याकरणात संस्कृत ‘क्षर्’ धातूच्या जागी येणाऱ्या रूपांत ‘खिर’ आणि ‘झर’ यांच्याबरोबर ‘पज्झर’ही दिले आहे. जोडाक्षर सुटे होऊन आधीचा स्वर दीर्घ झाला (हत्थ–हात, सत्त–सात) आणि ‘पाझर’ मिळाला. खरी गंमत ‘झ’ची आहे. संस्कृत ‘क्ष’चा मराठीत एरवी ख किंवा श होतो : क्षीर–खीर, क्षेत्र–शेत. मग इथे झ कसा? संस्कृतची बहीण असलेल्या प्राचीन इराणी अवेस्ती भाषेत याच धातूचे रूप सघोष, म्हणजे ग-झ यांसारखे कंठनाद असलेले आहे. म्हणजे मूळ उच्चार सघोष होता. संस्कृतात तो अघोष (कंठनाद नसलेला, क-ख यांसारखा) झाला, प्राकृतात टिकला. थोडक्यात, झरा आणि पाझर हे ‘क्षर’चे बिघडलेले रूप नव्हे, उलट एका बाबतीत ते त्याहून जुने वळण सांभाळून आहेत. संस्कृतातला ‘निर्झर’ तर प्राकृताकडूनच आलेला दिसतो. ‘क्षर्’चे दोन अर्थ, वाहणे आणि झिजणे. जे झिजत नाही ते अक्षर. तेव्हा पाटीवरचे अक्षर आणि विहिरीचा पाझर एकाच घरातले.

कोकणात : रत्नागिरी-सिंधुदुर्गात हे क्रियापद रोजच्या वापरातले आहे, कारण पायाखाली जांभा आहे. हा दगड सच्छिद्र. सड्यावर, म्हणजे जांभ्याच्या उघड्या पठारावर, पडलेला पाऊस त्यातून खाली उतरतो, तळच्या चिकणमातीवर अडतो आणि उताराच्या कडेला बाहेर निघतो. श्रावणात अशा कडेला वीतभर ओली, शेवाळलेली पट्टी दिसते. लोहामुळे पाण्याखाली तांबूस साका धरलेला असतो. फटीत फणसाचे पान खोचले, की पसरणारा ओलावा पानाच्या टोकाशी गोळा होऊन कळशी खाली धरण्याजोगी धार पडते. बिनगिलाव्याची चिऱ्याची भिंतही पावसाच्या तोंडाला असली की पाझरते, म्हणून तिला झापे (माडाच्या विणलेल्या झावळ्या) बांधतात. एवढा पाऊस पडूनही चैत्र-वैशाखात वाडीवर टँकर येतो तो याच गुणामुळे : जांभा पाणी लवकर घेतो, तसेच लवकर सोडतो. तेव्हा लोक ‘पाझर आटला’ म्हणतात.

लाक्षणिक अर्थाने ‘दगडाला पाझर फुटणे’ म्हणजे कठोर मन द्रवणे. हा वाक्प्रचार काळ्या फत्तराच्या देशावर शोभतो. जांभ्याच्या मुलखात त्यात नवल ते काय!

राजापूरजवळ उन्हाळे गावी अधूनमधून प्रकटणाऱ्या पाण्याला मात्र हे क्रियापद कोणी लावत नाही. तिथे ‘गंगा आली’ असेच म्हणतात.