समितीवर कोण बसू शकतो? पात्रतेचे वाद, पुरावे आणि मुदती

ज्या गृहनिर्माण संस्थांचे हिशेब आणि दप्तर आम्ही पाहतो, त्यांच्या पदाधिकाऱ्यांसाठी व सभासदांसाठी हे पत्रक आहे. निवडणूक लागली की पहिला प्रश्न ठरलेला असतो: "अमुक जण थकबाकीदार आहेत, मग ते उभे कसे राहतात?" असे वाद बहुतेक वेळा बिल आणि नोटीस कधी पोचली व त्याचा पुरावा आहे का, यावर ठरतात.

महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० मध्ये गृहनिर्माण संस्थांसाठी २०१९ साली स्वतंत्र प्रकरण आले. समिती सदस्याच्या अपात्रतेची कारणे त्यातल्या कलम १५४ब-२३ मध्ये आहेत.

थकबाकीदार कोणाला म्हणायचे?

एक बिल चुकले म्हणून कोणी थकबाकीदार होत नाही. बिल मिळाल्याची तारीख, नोटीस मिळाल्याची तारीख आणि पैसे भरण्याची शेवटची तारीख या तिन्हींपैकी जी सर्वात नंतरची, तिच्यापासून तीन महिन्यांत रक्कम भरली नाही तर सभासद थकबाकीदार ठरतो. उदाहरणार्थ, बिल १० एप्रिलला मिळाले, भरण्याची मुदत ३० एप्रिल होती आणि नोटीस १२ मे रोजी हाती पडली, तर तीन महिने १२ मेपासून मोजायचे. दर महिन्याला नवी नोटीस काढत बसलात, तर समोरचा वकील शेवटच्या नोटिशीवर बोट ठेवणारच. म्हणून नोटीस एकच आणि नीट काढा.

पुराव्याची बाजू सर्वात जास्त इथेच लंगडी पडते. शिपायाने दाराखाली सरकवलेले बिल किंवा व्हॉट्सअ‍ॅप ग्रुपवर टाकलेली यादी सुनावणीत टिकवणे अवघड जाते. हातोहात दिल्यास बटवडा वहीत तारखेसह सही घ्या. टपालाने पाठवायचे तर स्पीड पोस्ट करा (रजिस्टर्ड पोस्ट २०२५ मध्ये त्यातच विलीन झाली आहे) आणि ट्रॅकिंगचे पान लगेच छापून फाइलला लावा. ती नोंद साइटवर कायम राहत नाही.

रकमेची फोडही हवी. बिनभोगवटा शुल्क (मालक स्वतः न राहता सदनिका भाड्याने देतो तेव्हाची आकारणी) सेवाशुल्काच्या १० टक्क्यांहून जास्त लावलेले असते, आदर्श पोटनियमांतली द.सा.द.शे. २१ची सरळव्याजाची कमाल मर्यादा ओलांडून व्याजावर व्याज चढवलेले असते. मग सभासद म्हणतो, मागणीच बेकायदा आहे, आणि मूळ थकबाकी खरी असूनही प्रकरण ढिले पडते. सभासदांनाही आमचे सांगणे आहे की वाद असला तरी रक्कम "हरकत राखून" असे लेखी कळवून भरा आणि मग भांडा. पैसे अडवून ठेवून निवडणूक लढवण्यात काहीच शहाणपण नाही.

इतर कारणे

दोनपेक्षा जास्त अपत्ये हे अपात्रतेचे कारण आहे. मात्र ७ सप्टेंबर २००१ रोजी ज्यांना आधीच जास्त अपत्ये होती, त्यांची संख्या पुढे वाढली नसेल तर ते अपात्र होत नाहीत. दत्तक मूल यात धरत नाहीत. शिधापत्रिकेवरची नावे हा कच्चा पुरावा आहे, महापालिकेचा किंवा नगरपालिकेचा जन्मदाखला काढा. संस्थेला आधी न कळवता सदनिका भाड्याने देणे हेही कारण आहे, म्हणून आधी दिलेल्या पत्राची पोच जपून ठेवा. संस्थेच्या कंत्राटात आर्थिक हितसंबंध असणाऱ्यालाही समितीवर राहता येत नाही.

कुठे जायचे आणि किती दिवसांत?

सर्वात जास्त नुकसान होते ते चुकीच्या दारात वेळ घालवल्याने.

छाननीत उमेदवारी अर्ज फेटाळला गेला, तर कलम १५२अ खाली सहकारी संस्थांच्या निबंधकांकडे, म्हणजे प्रत्यक्षात बहुधा उपनिबंधक कार्यालयात, तीन दिवसांत अपील करावे लागते. मधे रविवार आला तरी ही मुदत गृहीत धरूनच चाला. निकाल दहा दिवसांत द्यायचा असतो आणि तो अंतिम असतो. म्हणून निवडणूक निर्णय अधिकाऱ्यांकडून फेटाळण्याची कारणे त्याच दिवशी लेखी मागा.

हे अपील फक्त अर्ज फेटाळल्यावर आहे. अपात्र माणसाचा अर्ज स्वीकारला गेला, तर छाननीच्या वेळी कागदांसह लेखी हरकत नोंदवा आणि तिची प्रत ठेवा. पुढचा मार्ग निवडणुकीच्या निकालानंतरचा: कलम ९१ खाली सहकार न्यायालयात वाद. कलम ९२ प्रमाणे त्याला निकाल जाहीर झाल्यापासून दोन महिने मिळतात. त्या काळात उपनिबंधकांकडे तक्रारी करत राहिलात, तरी दोन महिने थांबत नाहीत.

निवडून आल्यावर सदस्य थकबाकीदार झाला, तर समितीने ठराव करून त्याला काढू नये. हा घोळ आम्ही वारंवार पाहतो. खातेउतारा, बिले, नोटीस आणि बटवड्याचा पुरावा जोडून निबंधकांकडे अर्ज करा. त्या सदस्याला बाजू मांडण्याची संधी मिळायलाच हवी. ती न देता झालेला आदेश पुढे रद्द होण्याची शक्यता मोठी. उपनिबंधकांच्या आदेशाविरुद्ध विभागीय सहनिबंधकांकडे दोन महिन्यांत दाद मागता येते.

उमेदवारांनी अर्ज भरण्याआधी सचिवांकडून येणे बाकी नसल्याचा दाखला घ्यावा. धनादेश दिला असेल तर तो वटल्यानंतरच्या तारखेचा दाखला मागा, ऑनलाइन भरणा असेल तर यूटीआर (बँक व्यवहाराचा) क्रमांक पावतीवर लिहून घ्या.