जानेवारीचे मत आणि मार्चचे मत : गोव्याच्या १९६७च्या कौलाची पार्श्वभूमी

१६ जानेवारी १९६७ रोजी गोव्यातल्या मतदारांना जी मतपत्रिका मिळाली, तिच्यावर एकाही उमेदवाराचे नाव नव्हते. दोन चित्रे होती : एक फूल आणि दोन पाने. फुलाला मत म्हणजे गोवा महाराष्ट्रात विलीन व्हावा, दोन पानांना मत म्हणजे तो संघप्रदेश म्हणजे केंद्रशासित प्रदेश म्हणून वेगळा राहावा. ३,८८,४३२ मतदारांपैकी ३,१७,६३३ जणांनी मत दिले. फुलाला १,३८,१७०, दोन पानांना १,७२,१९१. ३४,०२१ मतांनी विलीनीकरण फेटाळले गेले.

दहा आठवड्यांनी, २८ मार्चला, त्याच मतदारांनी विधानसभेसाठी मत दिले. विलीनीकरण हेच ज्याचे जन्मकारण होते तो महाराष्ट्रवादी गोमंतक पक्ष (मगो) १६ जागा घेऊन पुन्हा सत्तेवर आला आणि दयानंद बांदोडकर पुन्हा मुख्यमंत्री झाले. विलीनीकरणाच्या विरोधात लढलेल्या युनायटेड गोअन्स पक्षाला १२ जागा मिळाल्या.

जानेवारीत 'नको' म्हणणारा गोवा मार्चमध्ये 'हवे' कसे म्हणाला? याचे उत्तर 'गोंयकार शहाणा, त्याने घर वेगळे ठेवले आणि कारभारी तोच ठेवला' असे दिले जाते. ते ऐकायला गोड वाटते आणि त्यात तथ्यही आहे. पण ते अर्धेच उत्तर आहे. उरलेले अर्धे मते कशी मोजली जातात यात दडलेले आहे आणि त्याकडे फार कमी लोक पाहतात. त्यासाठी थोडे मागे जावे लागते.

१९ डिसेंबर १९६१ला गोवा मुक्त झाला तेव्हा इथल्या बहुतेकांनी खऱ्या अर्थाने कधी मतच दिलेले नव्हते. पोर्तुगालचा हुकूमशहा सालाझार याच्या राजवटीत निवडणुका होत, पण पक्ष एकच आणि मतदार मूठभर. गावातल्या कुळाला कुणी काही विचारण्याचा प्रश्नच नव्हता. १९६२मध्ये पंचायतींच्या निवडणुका झाल्या आणि ९ डिसेंबर १९६३ला विधानसभेची. गोव्यातल्या २८ जागांपैकी काँग्रेसला एकही मिळाली नाही. ज्या पक्षाच्या सरकारने गोवा मुक्त केला, त्याच्या पदरात भोपळा. काँग्रेसने ज्यांना उमेदवारी दिली त्यांत भाटकार म्हणजे जमीनदार आणि प्रतिष्ठित घराण्यांतली माणसे बरीच होती आणि मतदार पहिल्यांदाच त्यांच्यासमोर ताठ उभा राहिला होता. मगोला आणि मित्रांना मिळून १६ जागा, युनायटेड गोअन्सला १२.

मगोचा मतदार कोण, हे समजल्याशिवाय पुढचे काही कळत नाही. भाटकाराच्या जमिनीत झोपडी बांधून राहणारा मुंडकार, खंडाने शेत कसणारे कूळ, देवळाच्या सेवेत पिढ्यान्‌पिढ्या अडकलेली घरे : हा हिंदू बहुजन समाज. बांदोडकर खाणमालक होते, पैसेवाले होते, पण गोमंतक मराठा समाजात जन्मलेले. देवदासी प्रथेचे ओझे वाहिलेला हा समाज. त्यांच्यातला मुख्यमंत्री होऊ शकतो, ही गोष्टच त्या काळी कुळाला बळ देणारी होती. त्याच्या दृष्टीने विलीनीकरण म्हणजे संरक्षण होते. गोवा वेगळा राहिला तर आज ना उद्या भाटकारांचे राज्य परत येईल. मोठ्या महाराष्ट्रात गेलो तर बहुजनांच्या हातात सत्ता असलेल्या राज्याचे आपण भाग होऊ, असा सरळ हिशेब. शिवाय देवळातले कीर्तन, पोथी, शाळेतले पुस्तक मराठीत. घरात कोंकणी बोलणारा हा माणूस देवाशी आणि अक्षराशी मराठीत बोलत आला होता.

नकाशावर हे स्पष्ट दिसते. तिसवाडी, बार्देश, सासष्टी या जुन्या काबिजादी (पोर्तुगीजांनी जिंकलेले मुलूख). सोळाव्या शतकातच पोर्तुगीजांकडे गेलेल्या, जिथे धर्मांतरे झाली आणि देवळे पाडली गेली. पेडणे, डिचोली, सत्तरी, फोंडा या नव्या काबिजादी. अठराव्या शतकाच्या उत्तरार्धात आलेल्या, तोवर देवळे आणि मराठी दोन्ही तगून राहिलेल्या. पेडणे तर त्याआधी सावंतवाडीकरांकडेच होते. १९६७मध्ये फुलाचा जोर या उत्तरेकडच्या आणि पूर्वेकडच्या तालुक्यांत होता आणि दोन पानांचे सर्वांत मोठे पीक सासष्टीत आले. दोनशे वर्षांपूर्वीची सरहद्द मतपेटीतून पुन्हा वर आली.

आता कौल घ्यायचा ठरला कसा? १९६५मध्ये गोवा विधानसभेने विलीनीकरणाचा ठराव केला, महाराष्ट्र विधानसभेनेही केला. दोन सभागृहांत बहुमत होते. तिथेच प्रश्न मिटला असता. युनायटेड गोअन्सचे नेते डॉ. जॅक सिक्वेरा यांनी नेमक्या याच जागी बोट ठेवले. आमदार निवडताना लोकांनी रस्ता, शाळा, कूळकायदा, जात, माणूस असे सगळे पाहून मत दिले. त्यातून निवडून आलेल्या सभागृहाने प्रदेशाचे अस्तित्वच संपवायचा निर्णय घेऊ नये, थेट लोकांना विचारा, असे त्यांचे म्हणणे. गोव्यातले काँग्रेसचे नेते पुरुषोत्तम काकोडकर यांनीही दिल्लीत हीच बाजू लावून धरली. डिसेंबर १९६६मध्ये संसदेने जनमत कौलाचा कायदा केला. कौल निःपक्ष व्हावा म्हणून बांदोडकरांच्या सरकारने राजीनामा दिला आणि राष्ट्रपती राजवट आली. मुंबईत आणि इतरत्र असलेल्या गोंयकारांना मत देऊ द्यावे ही मागणी मात्र मान्य झाली नाही. दमण आणि दीवच्या लोकांना गुजरात की संघप्रदेश असे विचारले गेले. त्यांनीही वेगळे राहणेच पसंत केले.

'सार्वमत' हा शब्द छापखान्यात राहिला. लोकांच्या तोंडी 'ओपिनियन पोल' आणि 'कौल' हेच होते. गोव्यात कौल हा देवळातला शब्द आहे. देवाच्या मूर्तीला पाकळ्या किंवा पाने लावतात, मनातला प्रश्न सांगतात आणि कोणत्या अंगाची पाकळी आधी पडते यावरून हो-नाही ठरते. लग्न, शेत, घर, सगळ्यांसाठी कौल. त्या लोकांसमोर मतपत्रिकेवर नेमके फूल आणि पाने यावीत हा योगायोग असेल, पण प्रश्न एकच, उत्तर एकच, ही रीत त्यांना नवी नव्हती.

आणि तिसरे उत्तर नव्हते. युनायटेड गोअन्सला खरे तर गोव्याचे पूर्ण राज्य हवे होते. मतपत्रिकेवर तो पर्यायच नव्हता. म्हणून संपूर्ण प्रचार संघप्रदेशासाठी करावा लागला. पण प्रश्न दोनच बाजूंचा असल्याने एक मोठा फायदा झाला : विरोधाची कारणे कितीही वेगळी असली तरी मते एकाच जागी गोळा होऊ शकली. ख्रिस्ती समाजाला मोठ्या राज्यात आपण बोटावर मोजण्याइतके उरू ही भीती होती. पणजी-मडगावच्या नोकरदारांना आणि व्यापाऱ्यांना राजधानी मुंबईला जाण्याची. कोंकणीच्या कार्यकर्त्यांना भाषा बोलीत जमा होण्याची. माडाची सूर काढणाऱ्या रेंदेरांना महाराष्ट्रातल्या दारूबंदीची. आणि रेंदेर हिंदूही होते, ख्रिस्तीही. शेजारच्या रत्नागिरी जिल्ह्याकडे बोट दाखवून विचारले जाई, की मुंबईच्या राज्यात जाऊन या कोकणाचे काय भले झाले? मुंबईच्या गिरणीत मुलगा पाठवून मनीऑर्डरीवर जगणाऱ्या कोकणातल्या घरांना हा प्रश्न झोंबणारच होता.

महाराष्ट्रात हा निकाल मराठीचा पराभव म्हणून सांगितला जातो. मला ते पटत नाही. विलीनीकरणाच्या विरोधातले एक अतिशय धारदार शस्त्र होते 'राष्ट्रमत' हे मराठी दैनिक. संपादक चंद्रकांत केणी आणि त्यात 'ब्रह्मास्त्र' हे सदर लिहिणारे उदय भेंब्रे, दोघेही कोंकणीचे कट्टर कार्यकर्ते, लिहीत होते मराठीत. कारण ज्या हिंदू वाचकाचे मन वळवायचे होते तो मराठीच वाचत होता. समोर विलीनीकरणाच्या बाजूने 'गोमन्तक' उभा होता. म्हणजे गोव्याने महाराष्ट्रात जाऊ नये हा वाद मराठीतच झाला आणि मराठीतच जिंकला गेला. मराठी वाचणारा प्रत्येक जण महाराष्ट्रात येऊ इच्छितो, असे आपण उगाच धरून चाललो होतो.

तेव्हा गोव्यात हिंदू साठ टक्क्यांच्या आसपास होते, ख्रिस्ती चाळीसहून कमी. झालेल्या मतदानापैकी ५४ टक्के मते दोन पानांना पडली. केवळ धर्मावर मत पडले असते तर हा आकडा आलाच नसता. हिंदूंपैकी चांगलाच मोठा गट दोन पानांकडे वळला. त्यांतले किती सारस्वत, किती भंडारी, किती एरवी सिंहाला म्हणजे मगोच्या चिन्हाला मत देणारे, हे गुप्त मतदानात कुणालाच सांगता येत नाही आणि जे ठामपणे सांगतात ते अंदाजच सांगतात.

मार्चकडे येऊ. विधानसभेला मगोला सुमारे ४० टक्के मते मिळाली, युनायटेड गोअन्सला सुमारे ३८. अंतर इतके थोडे. उरलेली मते अपक्ष आणि इतरांत विखुरली. म्हणजे मार्चमध्ये मगोला मिळालेला वाटा जानेवारीत फुलाला मिळालेल्या वाट्यापेक्षा मोठा नव्हता, उलट लहानच होता! गोवा काही विलीनीकरणाच्या विरोधाकडून बांदोडकरांकडे धावत आला नाही. झाले ते असे, की जानेवारीत सगळी मते एका राशीत पडली. सासष्टीच्या एखाद्या गावात शंभरातली नव्वद मते दोन पानांना पडली तर ती नव्वदही मोजणीत उपयोगी. मार्चमध्ये तीच नव्वद एकच आमदार निवडून देत होती. एकावन्नांतही तो आलाच असता. युनायटेड गोअन्सची मते अशी जुन्या काबिजादींत दाटून पडली, मगोची जास्त मतदारसंघांत पुरेशी पसरली. त्यात जानेवारीत एका ओळीत आलेले विरोधक पुन्हा पांगले. दोन पानांना मत दिलेला हिंदू दुकानदार, कोंकणीवादी शिक्षक, रेंदेर यांना युनायटेड गोअन्स हा आपला पक्ष वाटतच होता असे नाही. आणि ज्यांना बांदोडकर आवडत होते, पण महाराष्ट्र नको होता, त्यांची अडचण तर कौलानेच दूर केली : आता सिंहाला मत दिले तरी गोवा कुठे जाणार नव्हता. कुळाला खंडावरची मर्यादा, गावात प्राथमिक शाळा हवी होती आणि ती देणारा माणूस समोर होता.

जॅक सिक्वेरांनी कौलासाठी जो युक्तिवाद केला होता, तो त्यांच्याच पक्षाच्या पराभवाने खरा ठरला. आमदाराला दिलेले मत आणि प्रदेशाबद्दलचे मत ही दोन मते होती.

स्वतंत्र भारतातला हा एकमेव जनमत कौल, असे पुष्कळदा लिहिले जाते, ते बरोबर नाही. १९४८मध्ये जुनागढ, १९४९मध्ये चंद्रनगर, १९७५मध्ये सिक्कीम इथेही लोकांना विचारले गेले; पण तो प्रश्न भारतात येण्याचा होता. भारतात असलेल्या प्रदेशाला 'शेजारच्या राज्यात जायचे का?' असे विचारल्याने गोव्याचा कौल निराळा.

बांदोडकर १२ ऑगस्ट १९७३ला मुख्यमंत्रिपदावर असतानाच गेले. त्यांच्यानंतर त्यांची कन्या शशिकला काकोडकर मुख्यमंत्री झाल्या आणि त्यांच्या काळात मुंडकारांचा कायदा आणि कसेल त्याची जमीन हा कूळकायद्यातला बदल आला. मगोची सत्ता १९७९पर्यंत टिकली. महाराष्ट्रात जाण्यासाठी स्थापन झालेल्या पक्षाने सलग जो कारभार केला, त्यात वेगळ्या गोव्याचे खाते-खाते उभे राहिले. ४ फेब्रुवारी १९८७ला राजभाषा विधेयक मंजूर होऊन कोंकणी राजभाषा झाली आणि मराठीचा वापरही कायद्याने राखला गेला. ३० मे १९८७ला, कौलाच्या मतपत्रिकेवर नसलेला तिसरा पर्याय, पूर्ण राज्य, गोव्याला मिळाला.