पोक्सो (मुलांवरच्या लैंगिक अत्याचारांविरुद्धचा कायदा) खटल्यात आरोपीचा जामीन: तुमचं म्हणणं कसं मांडाल, संरक्षणाचा अर्ज कुठे कराल

दिवाळी उरकली की बीड, जालना, परभणीकडची कितीतरी घरं कुलूप लावून ऊसतोडीला निघतात. आरोपीच्या जामीन अर्जाची नोटीस अशाच वेळी दाराशी येते, घर बंद असल्याचा शेरा घेऊन परत जाते, आणि फडावरून माघारी आल्यावर आईबापाला कळतं की तो तर कधीचाच गावात फिरतोय. म्हणून फिर्याद नोंदवल्यावर लगेच तपास अधिकाऱ्याकडे एक साधा अर्ज द्या: चालू मोबाइल नंबर, गावातच राहणाऱ्या भरवशाच्या नातेवाइकाचा नंबर आणि हंगामात कुठल्या कारखान्यावर असणार ते. मुकादमाचा नंबर देऊ नका. तो कुणाच्या सोयऱ्यातला निघेल सांगता येत नाही. अर्जाची पोच घ्या.

16 वर्षांखालच्या मुलीवरचा बलात्कार किंवा 18 वर्षांखालच्या मुलीवरचा सामूहिक बलात्कार असेल, तर जामिनाच्या सुनावणीला फिर्यादी किंवा त्याने नेमलेली व्यक्ती हजर असणं भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम 483 नुसार बंधनकारक आहे. या गुन्ह्यांत अटकपूर्व जामीनही मिळत नाही. पोक्सोच्या इतर प्रकरणांतही मुलाच्या कुटुंबाला जामीन अर्जाची खबर मिळायला हवी, असं मुंबई उच्च न्यायालयाने 2021 मध्ये स्पष्ट केलं. सत्र न्यायालयाने जामीन नाकारला की आरोपी बहुधा उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठात जातो. तिथला अर्ज वेगळा असतो, त्यामुळे तिथेही म्हणणं मांडावं लागतं.

सुनावणीला लेकराला नेण्याची गरज नाही. आई, वडील किंवा वकील पुरेसे. वकिलाच्या फीची चिंता असेल तर कोर्टाच्या आवारातलं जिल्हा विधी सेवा प्राधिकरण गाठा किंवा 15100 वर फोन करा. स्त्रिया आणि मुलांना मोफत वकिलासाठी उत्पन्नाची अट नाही, तेव्हा तहसीलच्या दाखल्यासाठी खेटे घालू नका.

न्यायाधीश काय बघतात? गुन्हा किती गंभीर, प्रथमदर्शनी पुरावा काय, आरोपी पळून जाईल का, साक्षीदारांवर दबाव आणेल का. आपल्याकडे हा शेवटचा मुद्दाच सगळ्यात जड, कारण आरोपी बहुतेक वेळा त्याच गल्लीतला, भावकीतला किंवा ऊसतोडीच्या टोळीतला असतो. ‘तो धमकावतो’ एवढं मोघम सांगून भागत नाही. कोण आलं, कोणत्या तारखेला, मिटवून घ्या म्हणून किती पैशांची बोली केली, ऐकणारे कोण होते, हे प्रतिज्ञापत्रात लिहा. जामीन द्यायचाच असेल तर तालुक्यात येण्याची बंदी आणि कुटुंबाशी संपर्क नको, या अटी मागा. जामिनाच्या अटीतून आरोपी आणि पीडितेची गाठ घालून देऊ नये, असं सर्वोच्च न्यायालयाने 2021 मध्येच बजावलं आहे. राखी बांधून घेण्याची अट एका प्रकरणात घातली गेली होती, त्यावरचा तो निकाल. अट मोडली तर जामीन रद्द करण्याचा अर्ज करता येतो.

जामीन झाला म्हणजे आरोपी निर्दोष सुटला असं नाही. कधी कधी दोषारोपपत्र 60 किंवा 90 दिवसांच्या मुदतीत दाखल झालं नाही म्हणूनही तो मिळतो. त्यामुळे पोलीस ठाण्यात मुदतीचा पाठपुरावा करत राहा.

साक्षीच्या दिवशी आरोपीचा वकील मुलाला थेट प्रश्न विचारत नाही; प्रश्न न्यायाधीशांकडे जातात आणि तेच विचारतात. सुनावणी बंद दाराआड होते, आईवडील जवळ थांबू शकतात, आणि आरोपी मुलाच्या नजरेस पडणार नाही याची काळजी कोर्टाने घ्यायची असते. मुलाचं नाव, गाव, शाळा कुणीही छापायची नाही. व्हॉट्सअॅपच्या ग्रुपवर टाकणाऱ्यालाही ते महागात पडू शकतं.

धोका खरोखरचा असेल तर 2018 च्या साक्षीदार संरक्षण योजनेखाली अर्ज करा. जन्मठेपेचे किंवा 7 वर्षं आणि त्याहून जास्त शिक्षेचे गुन्हे त्यात बसतात, विनयभंगाची कलमंही. साक्षीदार स्वतः, त्याच्या घरचे, वकील किंवा तपास अधिकारी अर्ज करू शकतात. तो जिल्हा न्यायाधीशांच्या अध्यक्षतेखालच्या समितीकडे जातो. महाराष्ट्राचा 2017 चा स्वतंत्र कायदाही आहे, त्यामुळे नमुना सरकारी वकिलांकडून घ्या. सोबत एफआयआरची प्रत (फिर्यादीला ती फुकट मिळते), ओळखपत्र, मुलाच्या वयासाठी शाळेचा निर्गम उतारा किंवा ग्रामपंचायतीचा जन्मदाखला, धमकीचे मेसेज आणि कॉलच्या नोंदी, आधी दिलेल्या तक्रारींच्या पोचपावत्या जोडा.

त्यावर पोलीस उपअधीक्षक धोक्याचा अहवाल 5 कामाच्या दिवसांत देतात. तोवर थांबण्यासारखी परिस्थिती नसेल तर तात्पुरतं संरक्षणही मागता येतं. घराभोवती गस्त, कोर्टात नेण्या-आणण्याला पोलीस, काही काळ दुसरीकडे राहण्याची सोय, असं काय हवं ते अर्जात नेमकं लिहा. संरक्षण एका वेळी 3 महिन्यांपेक्षा जास्त मिळत नाही. फडावर असताना मुदत संपणार असेल, तर निघण्याआधीच वकिलाकडे नवा अर्ज सही करून ठेवा.